सुभेदारसाहेबांचा अर्ज

डिसेंबर लागला की आमच्या छावणीबाहेरचा पठाणकोट-जालंधर रस्ता रात्री धुक्यात बुडून जातो. उरतात ते मॅरेज पॅलेसचे दिवे. मागच्या आठवड्यात आमच्या कंत्राटदाराच्या मुलाच्या लग्नाला अशाच एका पॅलेसमध्ये गेलो होतो. नुसते चाटचेच सात काउंटर होते, आणि वर पाहुण्यांच्या डोक्यावर ड्रोन घिरट्या घालत होता. ड्रोन दिसला की आमचा हात आजकाल आधी वायरलेसकडे जातो, ती गोष्ट निराळी.

याच दिवसांत माझ्या टेबलावर फंडाचे अर्ज येऊ लागतात. जवान आणि जेसीओ यांचा भविष्य निर्वाह निधी म्हणजे एएफपीपी फंड. त्यातून पैसे काढण्याचं सगळ्यात नेहमीचं कारण म्हणजे लेकीचं किंवा बहिणीचं लग्न. या वेळी अर्ज होता आमच्या एका सुभेदारसाहेबांचा. माण तालुक्यातले, नोकरी २६ वर्षं, निवृत्तीला दोन वर्षं बाकी. रक्कम नऊ लाख, म्हणजे खात्यात होतं नव्हतं ते जवळजवळ सगळं.

नियमात बसत होतं. सही करून मोकळं होता आलं असतं. मी त्यांना बोलावलं आणि म्हणालो, "साहेब, बसा. कागदावर मांडा बघू, कशाला किती."

त्यांनी मांडलं. कार्यालय, मांडव, स्टेज. स्टेजमागे एलईडीची भिंत. दीड हजार पानं जेवण. डीजे. फोटो-व्हिडिओ, त्यात ड्रोन. बस्ता. टोप्या-टॉवेल. मुलीला चार तोळे. कपाट, पलंग, फ्रिज, वॉशिंग मशीन.

मी म्हणालो, "एवढं कशाला?"

"भावकी काय म्हणंल, साहेब? मिलिटरीवाल्याच्या लेकीचं लगीन हाय."

हे वाक्य तुम्ही हसण्यावारी न्याल. मीही नेत असे. पण २६ वर्षांत हा माणूस गावच्या किती जत्रांना होता? किती मयतींना खांदा द्यायला होता? वर्षाला ६० दिवस वार्षिक रजा, ३० दिवस कॅज्युअल. त्यातली निम्मी घर शाकारण्यात, विहिरीच्या कज्जात आणि दवाखान्यात जाते. बाकी वर्षभर गावाला दिसतं ते त्यांच्या नावाचं घर आणि मनीऑर्डर, आता खात्यात येणारे पैसे. लग्नाच्या दिवशी मात्र सगळं गाव एका ठिकाणी जमतं आणि ते स्वतः दारात उभे असतात. मग त्या एका दिवसात २६ वर्षांची हजेरी भरून काढायची असते. एलईडीच्या भिंतीचा उगम मला तिथे दिसतो. तरी ती भिंत मला पटत नाही. हजेरी अशी भाड्याने भरत नाही.

माझं स्वतःचं मत बनलं ते माझ्या लग्नात झालेल्या एका चुकीतून. २००६ साली पुण्यात लग्न झालं. एनडीएतले कोर्समेट आले, तलवारींची कमान धरली, बायकोला आत येऊ देण्याआधी दोन चार चावट अटी घातल्या. त्याला काही खर्च आला नाही, आणि आजही लोक तेवढंच आठवतात. स्टेजच्या फुलांना मात्र १८ हजार गेले होते. गावाहून, पाटण तालुक्यातून, सगळ्यांसाठी एक टेम्पो केला होता. माझी आजी ८२ वर्षांची. तिला टेम्पोत बसवेना. वेगळी गाडी करायला दोन-अडीच हजार लागले असते. ते कुणाला सुचलं नाही असं नाही, सुचलं होतं. पण "उगाच कशाला, लग्नानंतर जोडीनं जाऊन नमस्कार करा" असं ठरलं. बाराव्या दिवशी मला युनिटमध्ये परत बोलावलं. पुढच्या जानेवारीत आजी गेली. माझ्या बायकोनं तिला कधी पाहिलं नाही.

तेव्हापासून कुणी विचारलं, आणि बऱ्याचदा न विचारताही, मी सांगतो की आधी माणसं आणायला पैसे काढून ठेवा. म्हाताऱ्यांना दारातून दारात गाडी, त्यांच्यासाठी तळमजल्यावरच्या खोल्या, आणि लांबच्या पोस्टिंगवरून झेलम एक्सप्रेसने येणाऱ्या दोस्ताला परतीचं तिकीट, तेही त्याच्या हातात न देता आधीच काढून. त्यानंतर जेवण. पदार्थ चार असोत, पण गरम, आणि शेवटच्या पंगतीलाही पहिल्या पंगतीसारखे. वाजंत्री आणि वाढपी जेवले का, हे बघणारा घरचा एक माणूस नेमावा. फोटोवाला एक, चांगला, आणि त्याला म्हाताऱ्यांची नावं लिहून द्यावीत. बाकी पत्रिका, फेटे, प्री-वेडिंग यांत पैसे वाचले तर कुणाला कळतसुद्धा नाही. आणि मुहूर्त टळून गेला तरी ज्या पुढाऱ्यासाठी माइक मोकळा ठेवतात, त्याचा सत्कार तर फुकटातही महाग पडतो.

कुणी म्हणतात, सरळ रजिस्टर लग्न करा. करावं की. पण १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात नोटिशीनंतर ३० दिवस थांबावं लागतं. फौजी माणसाला ते दोन रजांचं प्रकरण होतं. माझ्या एका कोर्समेटनं केलं तसं, आणि दुसऱ्या रजेसाठी त्याच्या सीओपुढे जे नाटक केलं ते लग्नापेक्षा जास्त रंगलं.

सुभेदारसाहेबांच्या यादीत मी पहिली काट मारायला गेलो ती कपाटावर. जावईसुद्धा फौजी, आसामात नाईक. मी म्हणालो, "साहेब, दर दोन-तीन वर्षांनी बदली. क्वार्टर मिळालं तर फर्निचर एमईएसचं. माझा अख्खा संसार काळ्या पेट्यांत बसतो. हे कपाट घेऊन ती जाणार कुठं?"

ते जरा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "क्वार्टर कधी मिळंल कुणास ठाऊक, साहेब. तवर पोरगी सासूजवळ ऱ्हाणार. जावई आसामात. परक्या घरात तिचं असं एक कपाट पायजे. किल्ली तिच्याजवळ."

मी पेन खाली ठेवलं. काळ्या पेट्यांचा हिशेब हा अधिकाऱ्याचा हिशेब, ज्याची बायको बहुतेक वेळा त्याच्याबरोबर असते. कपाट राहिलं. सोनंही राहिलं, ते तिच्याजवळच राहणार होतं.

"मुलीला विचारलंत का, तिला काय हवंय?" मी विचारलं.

विचारलं नव्हतं. तिथूनच फोन लावला. मुलगी साताऱ्यात नर्सिंग करते. फोन स्पीकरवर नव्हता, पण ऑफिस शांत होतं. साहेब "बरं" म्हणाले, पुन्हा "बरं" म्हणाले, आणि फोन ठेवून खिडकीकडे बघत राहिले.

"काय म्हणाली?"

"पप्पा, पंधरा दिस आधी या म्हणती. बारश्याला नव्हतासा, धाव्वीच्या निकालाला नव्हतासा. हळदीला पाव्हण्यावानी येऊ नगासा, म्हणाली."

त्यांनी रजा मागितली होती लग्नाच्या तीन दिवस आधीपासूनची, कारण त्याच सुमारास आमचा युद्धसराव आहे आणि त्यांच्याशिवाय माझी एक कंपनी लंगडी पडते. हे त्यांनाही माहीत, मलाही. फंडातून नऊ लाख द्यायला मला एक सही पुरली असती. पंधरा दिवस द्यायला अॅडज्युटंटबरोबर दोन तास बसावं लागलं, एका दुसऱ्या जेसीओची रजा मागे ढकलावी लागली, आणि त्याचं तोंड आठवडाभर वाकडं होतं.

दुसऱ्या दिवशी साहेब नवा अर्ज घेऊन आले. एलईडीची भिंत गेली होती, ड्रोन गेला होता, पलंग आणि वॉशिंग मशीन गेलं होतं. आटपाडीच्या बाजूला राहणाऱ्या त्यांच्या म्हाताऱ्या आत्यासाठी एक गाडी वाढली होती. रक्कम सव्वापाच लाख.

"आणि डीजे?" मी विचारलं.

"तो ऱ्हाऊ द्या, साहेब. पोरांनी ॲडव्हान्स दिलाय."

मी सही केली.