वर्दी उतरल्यानंतर

स्मरणिकेत लिहायचे म्हटले की वसतिगृहातील पातळ वरण, पहाटेची वंदना आणि गुरुजींचा दरारा यांच्या आठवणी आपोआप निघतात. त्या आठवणी आम्हालाही प्रिय आहेत. परंतु शाळेविषयीची कृतज्ञता केवळ आठवणी उगाळून फिटत नाही, असे आम्हास वाटते. म्हणून या वेळी आम्ही माजी विद्यार्थ्यांपुढे आणि पालकांपुढे एक प्रश्न ठेवू इच्छितो. आपल्या शाळेतून दरवर्षी काही मुले सैन्यात जातात. गावात त्यांची मिरवणूक निघते, शाळेत सत्कार होतो, फलकावर नाव लागते. ही मुले परत येतात तेव्हा त्यांचे पुढे काय होते?

आमच्या वर्गात कंधार तालुक्यातील एक मुलगा होता. आईवडील ऊसतोडीला जात आणि तो सहा महिने वसतिगृहातच राही. अभ्यासात बेताचा, परंतु स्नेहसंमेलनात त्याने अंगुलिमालाची भूमिका केली, तेव्हा पहिल्या रांगेतील लहान मुले भीतीने मागे सरकली होती आणि शेवटच्या प्रसंगात स्वयंपाकघरातील मावशींनी डोळ्यांना पदर लावला होता. एकोणिसाव्या वर्षी तो सैन्यात भरती झाला. सतरा वर्षे बर्फात आणि वाळवंटात काढून छत्तिसाव्या वर्षी घरी आला. आज तो नांदेडमध्ये एका बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभा असतो. त्या कामात कमीपणा नाही. घामाच्या भाकरीला आम्ही कधीही हलके मानणार नाही. पण मागच्या वर्षी भेटला तेव्हा तो म्हणाला, "सैन्यात पहारा देत होतो, आताही पहाराच देतो. मला दुसरं काही येतं का, हे कुणी विचारलंच नाही." हे वाक्य आमच्या मनातून जात नाही.

त्याच सुमारास, १८ ऑगस्ट २०२५ रोजी, ठाण्यात अच्युत पोतदार यांचे वयाच्या ९१व्या वर्षी निधन झाले. नाव सांगितल्यावर अनेकांना चेहरा आठवत नाही आणि चेहरा दाखवल्यावर सर्वांना आठवतो, अशा नटांपैकी ते एक. 'थ्री इडियट्स' या २००९ च्या चित्रपटात यंत्राची व्याख्या विचारणारे प्राध्यापक म्हणजे पोतदार. प्रसंग काही मिनिटांचा. पण आज विशीतील मुलेही त्यांची नक्कल करतात. मराठी घरांनी त्यांना 'माझा होशील ना' या मालिकेतील आप्पा म्हणून पाहिले. परंतु हा गृहस्थ एकेकाळी भारतीय सैन्यात कॅप्टन होता, हे फार थोड्यांना ठाऊक आहे.

पोतदारांचा जीवनक्रम आपल्या मुलांना मुद्दाम सांगावा असा आहे. जन्म १९३४ चा, जबलपूरचा; बालपण इंदूरचे. अर्थशास्त्राचे शिक्षण घेऊन त्यांनी रेवा येथे अध्यापन केले. पुढे सैन्यात गेले आणि १९६७ मध्ये कॅप्टनच्या हुद्द्यावरून बाहेर पडले. त्यानंतर इंडियन ऑइलमध्ये जवळपास पंचवीस वर्षे नोकरी केली आणि १९९२ मध्ये, अठ्ठावन्नाव्या वर्षी, ते निवृत्त झाले. चित्रपटातील काम सुरू झाले ते चाळिशी ओलांडल्यावर, नोकरी सांभाळूनच. 'आक्रोश', 'अर्धसत्य', 'तेजाब', 'परिंदा', 'रंगीला', 'वास्तव', 'लगे रहो मुन्नाभाई' अशी नावे घेत गेलो तर यादी सव्वाशेच्या घरात जाते. त्यांतील बहुतेक भूमिका लहान. कुठे वडील, कुठे अधिकारी, कुठे शेजारी. नायक ते कधीच झाले नाहीत. तरीही नव्वदी गाठेपर्यंत लोक त्यांना रस्त्यात ओळखत होते.

या जीवनक्रमातून सोयीचा धडा काढणे सोपे आहे: जिद्द असली की माणूस कोणत्याही वयात काहीही होऊ शकतो. सत्कार समारंभात अशी वाक्ये शोभतात. आम्हाला मात्र त्यात अर्धेच सत्य दिसते. पोतदार सैन्यात गेले तेव्हा त्यांच्या हाती शिक्षण होते. ते अधिकारी म्हणून गेले, शिपाई म्हणून नव्हे. बाहेर पडल्यावर त्यांना मोठ्या सार्वजनिक कंपनीत नोकरी मिळाली, आणि त्या नोकरीने घर चालवले म्हणून कलेला वेळ देता आला. कंधार, मुखेड, अहमदपूर किंवा औसा तालुक्यातून भरतीला जाणाऱ्या आपल्या मुलाच्या पाठीशी यांपैकी काय असते? बारावीची गुणपत्रिका आणि सोळाशे मीटर धावण्याचा दम. त्याच्याकडे जिद्द कमी असते असे नाही. जिद्दीला टेकायला जी भिंत लागते, ती त्याच्या घरी नसते. ती भिंत उभी करणे हे शाळेचे आणि समाजाचे काम आहे.

हे काम आता तातडीचे झाले आहे. २०२२ पासून अग्निपथ योजनेखाली भरती होऊ लागली. सतरा-अठराव्या वर्षापासून विशीच्या उंबरठ्यापर्यंतची मुले चार वर्षांसाठी घेतली जातात. त्यांतील जास्तीत जास्त २५ टक्के मुलांना पुढे कायम केले जाते. उरलेल्यांना सुमारे पावणेबारा लाख रुपयांचा सेवा निधी मिळतो, निवृत्तिवेतन मिळत नाही. या योजनेच्या बाजूने आणि विरोधात बरेच बोलले गेले आहे. तो वाद येथे उकरायचा नाही. आम्हाला एवढेच दिसते की आमचा मित्र छत्तिसाव्या वर्षी ज्या वळणावर आला, त्या वळणावर आपल्या शाळेची मुले आता बाविसाव्या-तेविसाव्या वर्षी येणार आहेत. त्यांच्यापुढे चाळीस वर्षांचे आयुष्य पडलेले असेल. त्या चाळीस वर्षांत त्यांनी काय करावे, याचा विचार भरतीच्या मैदानावर कोणी करीत नाही. तो शाळेतच व्हायला हवा.

आपल्या समाजाला तर हा विचार नवा नाही. गोपाळबाबा वलंगकरांनी लष्करातून निवृत्त झाल्यावर लेखणी हाती घेतली आणि अस्पृश्यतेच्या शास्त्राधारालाच आव्हान दिले. सुभेदार रामजी सकपाळ महूच्या लष्करी शाळेत मुख्याध्यापक होते. निवृत्तीनंतर त्यांनी आपली मिळकत आणि आपले उरलेले आयुष्य धाकट्या मुलाच्या शिक्षणासाठी वेचले. तो मुलगा पुढे कोण झाला, हे या स्मरणिकेच्या वाचकांना सांगण्याची गरज नाही. इंग्रज सरकारने महार समाजाची भरती बंद केली तेव्हा आपल्या पूर्वजांना जे दुःख झाले, ते केवळ पगार गेल्याचे नव्हते. सैन्यामुळे घरात अक्षर आले होते. ती वाट बंद झाली होती. म्हणूनच बाबासाहेबांनी पाठपुरावा केला आणि १ ऑक्टोबर १९४१ रोजी बेळगाव येथे महार रेजिमेंट पुन्हा नव्याने उभी राहिली. वर्दी उतरल्यानंतर माणूस अधिक मोठा होऊ शकतो, हे आपल्याला फार पूर्वीपासून ठाऊक आहे. मधल्या काळात ते आपण विसरलो.

यावर कोणी म्हणेल, लेखन आणि समाजकार्य ठीक. पण नटाचे काम कशाला? निवृत्त जवानाने तोंडाला रंग लावावा काय? हा प्रश्न आम्ही पालकांच्या तोंडून प्रत्यक्ष ऐकला आहे. गंमत अशी की नट सैनिक झाला तर आपण टाळ्या वाजवतो. नाना पाटेकरांनी 'प्रहार' या १९९१ च्या चित्रपटासाठी लष्करी प्रशिक्षण घेतले आणि कारगिल युद्धाच्या काळात ते सीमेवर गेले, याचे कौतुक घरोघरी होते आणि ते योग्यच आहे. सैनिक नट होऊ लागला की मात्र आपल्याला तो वाया गेल्यासारखा वाटतो. यामागे जुना संस्कार आहे. ज्या समाजाच्या वाट्याला शतकानुशतके दुसऱ्यांचे मनोरंजन करणे आले, त्या समाजाला कलेविषयी अढी असणे स्वाभाविक आहे. पण त्याच समाजाने आंबेडकरी जलसे उभे केले आणि जे सभेत सांगता येत नव्हते ते गाण्यातून गावोगाव पोहोचवले. कला कोणाच्या हुकुमाने आणि कोणासाठी, यावर तिची प्रतिष्ठा ठरते.

जगाकडे पाहिले तरी हेच दिसते. हॅरॉल्ड रसेल हा अमेरिकी सैनिक. १९४४ मध्ये सुरुंगाच्या दारूच्या स्फोटात त्याचे दोन्ही हात गेले. १९४६ मध्ये युद्धावरून परतलेल्या सैनिकांवरील एका चित्रपटात त्याने हात गमावलेल्या नाविकाची भूमिका केली आणि त्या एकाच भूमिकेसाठी त्याला दोन ऑस्कर मिळाले. त्याने अभिनयाचे शिक्षण घेतले नव्हते. परंतु परत आलेल्या माणसाला घरच्यांच्या नजरेला नजर देणे किती जड जाते, हे त्याला ठाऊक होते. आपल्या काळातील अ‍ॅडम ड्रायव्हर हा नट आधी अमेरिकेच्या मरीन दलात होता. दुखापतीमुळे त्याला दल सोडावे लागले. मग तो नाट्यशिक्षणाकडे वळला आणि शिकत असतानाच त्याने सैनिकांसाठी नाट्यप्रयोग करणारी संस्था काढली. सैनिकाला शिस्त असते, प्रतीक्षेची सवय असते, आणि माणूस भीतीच्या क्षणी कसा दिसतो हे त्याने पाहिलेले असते. नटाला याहून मोठे भांडवल कोणते हवे?

आता थोडे आपल्या घराकडे वळू. लातूर आणि नांदेड ही आज शिकवणीची शहरे आहेत. 'लातूर पॅटर्न'ने मराठवाड्यातील खेड्यांतल्या मुलांना डॉक्टर-अभियंता केले, हे ऋण आम्ही मान्य करतो. आमच्यातीलही काहींची घरे त्यामुळे उभी राहिली. पण त्याची एक किंमत आहे. दहावीचे वर्ष लागले की स्नेहसंमेलनातून नाव काढले जाते, पेटी-तबल्याची खोली कुलूपबंद होते, आणि ज्या मुलाला परीक्षेत गती नाही त्याच्यापुढे भरतीचे मैदान एवढाच रस्ता उरतो. 'थ्री इडियट्स'मधील त्या वर्गात जो आपल्या शब्दांत सांगतो तो बाहेर काढला जातो आणि जो पाठ म्हणतो त्याची वाहवा होते. पोतदार स्वतः कधीकाळी वर्गात उभे राहून शिकवीत असत; म्हणूनच कदाचित तो प्रसंग इतका खरा उतरला. तो पाहून आपण हसलो. त्या वर्गात आपणही बसलो आहोत, हे मात्र लक्षात घेतले नाही.

प्रत्येक जवानाने नट व्हावे असे आमचे म्हणणे मुळीच नाही. चित्रपटाचा धंदा बेभरवशाचा आहे. तेथे घर विकून जाणाऱ्यांची कहाणी कोणी छापत नाही. पोतदारांनी पोटाची सोय मोडली नाही, हे आम्ही दोनदा सांगितले असते तरी कमीच झाले असते. आमचे म्हणणे साधे आहे. मुलाजवळ जे दुसरे काही आहे, ते शाळेत असताना ओळखावे आणि विझू देऊ नये. ते कोणाच्या बाबतीत अभिनय असेल, कोणाच्या बाबतीत गाणे, चित्र, सुतारकाम किंवा शेती असेल.

त्यासाठी तीन गोष्टी आपल्या आवाक्यात आहेत. पहिली, दहावीच्या मुलांनाही रंगमंचावर येऊ द्यावे. आठवड्यातील एक संध्याकाळ तालमीला दिल्याने कोणाचे गुण बुडत नाहीत. पुढे शिकायची इच्छा असणाऱ्यास स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ घराजवळच आहे, आणि तेथे नाट्यकलेचे शिक्षणही मिळते. दुसरी, सैन्यात जाणाऱ्या प्रत्येक मुलाने नोकरी करता करता मुक्त विद्यापीठातून पदवी पूर्ण करावी, हा शाळेचा आग्रह असावा. अग्निवीरांसाठी इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठात तशी खास सोय झाली आहे. तिसरी, परत आलेल्या माजी विद्यार्थ्याला केवळ २६ जानेवारीस व्यासपीठावर बसवून पुष्पगुच्छ देऊ नये. त्याला वर्गात बोलवावे, काम द्यावे, आणि त्याने खरे काय पाहिले ते मुलांना ऐकू द्यावे.

तिसरी गोष्ट आम्ही आमच्यापुरती सुरू केली आहे. येत्या स्नेहसंमेलनातील मुलांचे नाटक बसवण्याची विनंती आम्ही आमच्या त्या मित्राला केली. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग त्याने एवढेच विचारले, "तालीम किती वाजता ठेवायची? माझी रात्रपाळी असते." आम्ही दुपारची वेळ ठरवली आहे. ज्या माजी विद्यार्थ्यांना व पालकांना सवड असेल, त्यांनी तालमीलाही यावे. प्रयोगाला तर यावेच.