डॉलरची कोळंबी आणि घाटावरची सुकट

सागरी उत्पादन निर्यात विकास प्राधिकरणाचे आकडे दरवर्षी प्रसिद्ध होतात आणि दरवर्षी त्यांतील एकूण रकमेचाच तेवढा गाजावाजा होतो. २०२४-२५ या वर्षी देशाने १६ लाख ९८ हजार टन सागरी माल परदेशी धाडून ६२ हजार ४०८ कोटी रुपये मिळवले. त्यांपैकी ४३ हजार ३३४ कोटी एकट्या गोठवलेल्या कोळंबीचे. ही कामगिरी लहान नव्हे. परंतु एकूण रकमेवर समाधान मानणाऱ्यांनी वजनाचा रकानाही पाहावा, असे आम्हांस सुचवावेसे वाटते.

रकमेला वजनाने भागले असता गोठवलेल्या कोळंबीस २०२२-२३ मध्ये किलोमागे सरासरी सुमारे ६०७ रुपये मिळाले. २०२३-२४ मध्ये माल थोडा अधिक गेला, पण भाव ५५९ रुपयांवर उतरला. २०२४-२५ मध्ये तो ५८४ पर्यंत सावरला खरा. तथापि डॉलरमध्ये मोजले तर ही वाढ निम्मीच भरते. उरलेली वाढ म्हणजे रुपयाच्या घसरणीची देणगी होय. इक्वेडोरसारख्या देशाचे उत्पादन दहा लाख टनांपलीकडे गेल्यावर जगाच्या बाजारात कोळंबीचा सुकाळ झाला आणि भाव पडले. तेवढ्यात अमेरिकेने २०२४ मध्ये बहुतेक भारतीय निर्यातदारांवर ५.७७ टक्क्यांचा अनुदानविरोधी कर बसवला, आणि २०२५ च्या ऑगस्टात भारतीय मालावरील जादा आयातकर ५० टक्क्यांवर नेला. एका गिऱ्हाइकावर भिस्त ठेवणाऱ्या व्यापाराची नाडी कोणाच्या हाती असते, हे त्या वेळी दिसून आले.

आता या व्यवहारात आपला किनारा कोठे आहे? निर्यातीतील बहुतांश कोळंबी ही आंध्रातील तळ्यांत वाढवलेली, २००९ नंतर परवानगी मिळालेल्या व्हॅनामेई जातीची असते. समुद्रात जाळे टाकून पकडलेल्या भारतीय कोळंबीला तर अमेरिकेने २०१९ मध्येच दार बंद केले. कासवांना निसटून जाण्याची सोय आपल्या जाळ्यांत नाही, हे त्याचे कारण. म्हणजे डॉलरच्या त्या सुबत्तेत गोवा, सिंधुदुर्ग वा कारवारच्या रापणकाराचा वाटा अगदीच तुटपुंजा आहे. या किनाऱ्याची टिकाऊ कोळंबी निराळी आहे. ती शीतगृहात गोठत नाही. ती वैशाखाच्या उन्हात वाळते आणि घाट चढून वर जाते.

हा व्यापार आजचा नव्हे. १९६० च्या सुमारापर्यंत देशाची मत्स्यनिर्यात म्हणजे मुख्यतः सुकी मासळी व सुकी कोळंबीच होती, आणि तिची गिऱ्हाइके ब्रह्मदेश, सिलोन, सिंगापूर ही होती. गोठवण्याचे तंत्र आले, १९६६ साली रुपयाचे अवमूल्यन झाले, आणि सुकी कोळंबी निर्यातीच्या अग्रभागातून मागे सरली. परंतु स्वयंपाकघरातून ती कधीच गेली नाही. मुरगावची रेल्वे १८८० च्या दशकात सुरू होण्यापूर्वी बेळगावचे बंदर म्हणजे वेंगुर्ले होते. आज आंबोली आणि चोर्ल्याच्या घाटांतून बेळगावची भाजी व दूध खाली येते आणि किनाऱ्याची मासळी वर जाते. आपण पुरुमेंतात सुकी सुंगटे भरून ठेवतो, तशीच घाटावरची गृहिणी पावसाळ्यापूर्वी सुकट आणि जवळा डब्यात भरते.

बेळगुंदीचेच उदाहरण घेऊ. बेळगावच्या पश्चिमेस, चंदगडच्या हद्दीजवळचे हे मराठी गाव. भात, बटाटा आणि रताळी ही त्या पट्ट्यातील पिके. भातलावणीच्या दिवसांत, पावसाची झड लागलेली असताना, शेतावर राबणाऱ्या माणसाला भाकरीबरोबर जे कोरड्यास लागते ते पुष्कळदा सुकटीचे असते. नेमक्या याच वेळी, १ जून ते ३१ जुलै, पश्चिम किनाऱ्यावर ६१ दिवस यांत्रिक मासेमारी बंद असते. श्रावण लागेपर्यंत सारी भूक सुक्या मालावर येऊन पडते आणि भाव चढतो. निपाणीच्या बाजूसही हेच.

भाव चढण्याबद्दल आमची तक्रार नाही. टंचाईत वस्तू महागते, हा बाजाराचा धर्मच आहे. परंतु तो चढलेला भाव कोणाच्या पदरात पडतो? चार-पाच किलो ओला जवळा वाळवावा तेव्हा किलोभर सुका हाती येतो. तो वाळवणारी कोळीण किंवा गाबतीण माल ठेवणार कोठे? दमट हवेत त्याला बुरशी धरते. त्यामुळे मेअखेरीस मिळेल त्या भावाला तो काढून टाकणे तिला भाग पडते. ज्याच्याकडे कोरडी वखार आहे तो थांबू शकतो, आणि त्याच्याच भावाने बेळगुंदीची बाई जूनमध्ये पावशेर सुकट घेते. विकणारीला भाव कळत नाही, घेणारीला प्रत कळत नाही. याच गावच्या बटाट्याचा भाव बाजार समितीत जाहीर होतो. सुकटीचा भाव मात्र विक्रेत्याच्या तोंडी असतो. माल महाराष्ट्र-गोव्यात वाळतो आणि कर्नाटकात खाल्ला जातो, म्हणून त्याचा हिशेब ठेवणे हे कोणत्याच सरकारला आपले काम वाटत नाही.

निर्यातवाल्यांसाठी सरकार किती तत्पर असते, हे यासोबत ताडून पाहण्यासारखे आहे. २०२४ च्या अर्थसंकल्पात कोळंबीच्या खाद्यावरील व पैदाशीच्या कोळंबीवरील आयातशुल्क ५ टक्क्यांवर आणले गेले. २०२५ च्या सप्टेंबरात प्रक्रिया केलेल्या मासळीवरील वस्तू व सेवा कर १२ टक्क्यांवरून ५ टक्के झाला. या सवलतींना आमचा विरोध नाही. परकीय चलन देशाला हवेच. परंतु तळ्यातल्या कोळंबीच्या खाद्यात मासळीची भुकटी पडते, आणि ती भुकटी करणारे कारखाने पश्चिम किनाऱ्यावरची बारीक मासळी मोठ्या प्रमाणावर घेतात. हीच मासळी एरवी वाळून गोरगरिबाच्या ताटात आली असती. परदेशी ताटातील कोळंबी स्वस्त करण्याचा काही भार अशा रीतीने येथल्या सुक्या बाजारावर पडत असेल, तर तो मोजला तरी गेला पाहिजे.

आमच्या मते तीन गोष्टी तातडीने व्हाव्यात, आणि त्यांपैकी एकही खर्चाच्या दृष्टीने अवघड नाही. पहिली : किनाऱ्यावर वाळूऐवजी उंच माचांवर किंवा सौर यंत्रांत माल वाळवण्याची सोय व्हावी. कोचीच्या केंद्रीय मत्स्य तंत्रज्ञान संस्थेने अशी यंत्रे केव्हाच तयार केली आहेत. ती प्रदर्शनातून वाळवणीवर यायला हवीत. दुसरी : विक्रेत्या स्त्रियांच्या सहकारी संस्थांना कोरड्या वखारी आणि मालाच्या तारणावर कर्ज मिळावे, म्हणजे मे महिन्यातली अगतिक विक्री थांबेल. तिसरी : म्हापसा, सावंतवाडी, बेळगाव आणि निपाणी येथील सुक्या मासळीचे घाऊक भाव प्रतवारीनुसार दर आठवड्यास प्रसिद्ध व्हावेत. त्यासाठी तिन्ही राज्यांच्या मत्स्यखात्यांनी एकत्र बसणे आवश्यक आहे. सीमेचा वाद न्यायालयात जेव्हा सुटेल तेव्हा सुटो. सुकटीच्या भावपत्रकासाठी त्याची वाट पाहण्याचे कारण नाही.

वॉशिंग्टनने कर वाढवला की दिल्लीत बैठका भरतात, आणि त्या भरल्याही पाहिजेत. पण पुढल्या मृगाला सुकट परवडेनाशी होऊन बेळगुंदीच्या चुलीवरचे कालवण पातळ झाले, तर त्यासाठी कोणत्या राजधानीत बैठक भरणार आहे? या प्रश्नाचे उत्तर पणजी, मुंबई आणि बंगळूर यांनी येत्या पावसाळ्यापूर्वी द्यावे.