कॅलिगारीच्या आधीचे भय

चित्रपटातील मानसिक भयाचा इतिहास १९२० च्या ‘डॉ. कॅलिगारी’पासून सुरू करण्याची जी रूढी समीक्षेत पडली आहे, तिच्यामागे एक गृहीतक आहे : मन विस्कटल्याचे दाखवायचे तर भिंतीही वाकड्या रंगवाव्या लागतात. क्राकाउअर यांनी १९४७ मध्ये त्या वाकड्या भिंतींवरून जर्मन समाजमनाचे निदान केले आणि हे गृहीतक जणू सिद्धान्त होऊन बसले. त्याआधीचे एका रिळाचे मूकपट ‘बाल्यावस्था’ या एका शब्दात निकालात काढले जातात. हा शब्द वापरणाऱ्यांनी ते पाहिले तरी आहेत काय?

लोइस वेबर आणि फिलिप्स स्मॉली यांचा १९१३ चा ‘सस्पेन्स’ घ्यावा. जेमतेम दहा मिनिटांचा. घर साधे, भिंती सरळ. मोलकरीण चिठ्ठी ठेवून निघून जाते, किल्ली पायपुसण्याखाली सारते. तान्ह्या मुलासह एकटी उरलेली स्त्री नवऱ्याला दूरध्वनी करते आणि एक भटक्या घरात शिरतो. कथासूत्र नवे नाही. ग्रिफिथने ते १९०९ मध्ये ‘द लोनली व्हिला’त वापरले होते. पण येथे पडद्याचे त्रिकोणी तुकडे पडतात, तिघेही एकाच चौकटीत येतात आणि त्यांच्यातले अंतर मात्र तसेच राहते. आवाज पोहोचतो, हात पोहोचत नाही; आणि हे सारे मुक्या पटात! ती खिडकीतून खाली पाहते, तेव्हा तो मान वर करून थेट कॅमेऱ्याकडे पाहतो. प्रेक्षकाची सुरक्षित जागा त्या क्षणी नाहीशी होते.

या पटाची जी थोडीफार स्तुती होते, ती तंत्राची. माझा आक्षेप तिच्यावरही आहे, कारण हे भय कोणाचे, हा प्रश्न ती टाळते. घरात शिरलेला भटक्या आधी स्वयंपाकघरात खातो. नवरा घरी पोहोचण्यासाठी परक्याची मोटार पळवतो, वाटेत एका माणसाला धडक देतो, पोलीस पाठलाग करतात. अखेरीस नवऱ्याची चोरी सर्वांना समजून घेता येते. भटक्याच्या भुकेविषयी कोणी विचारत नाही. पटही विचारत नाही आणि त्यावर लिहिणारेही.