करून पाहू या : टीव्हीला कळेल असं बोला

मुलांनो, गेलेली वीज परत येते तेव्हा घरात काय काय होतं, ते कधी नीट पाहिलंय का? बल्ब लागतो. पंखा फिरू लागतो. फ्रिज गुरगुरायला लागतो. टीव्ही मात्र पुष्कळदा नुसता लाल दिवा लावून बसतो. "मी जागा आहे, पण मला कुणीतरी उठवा," असंच जणू तो सांगत असतो. त्याला उठवायचं काम रिमोटचं. आणि रिमोटच मोडला असला तर?

आपल्या शिरूर-दौंडकडच्या कितीतरी घरांत दुपारी आजी किंवा आजोबा एकटेच असतात. आई-बाबा शेतात, नाहीतर रांजणगावच्या किंवा कुरकुंभच्या एमआयडीसीत पाळीवर. तुम्ही शाळेत. आजीला तिची मालिका हवी असते, आजोबांना बातम्या हव्या असतात. पण रिमोट धाकट्यानं आपटलेला असतो, नाहीतर बादलीत पडलेला असतो, नाहीतर चालू-बंद करायचं बटणच झिजून गेलेलं असतं. मग घरात जाहीर होतं, "टीव्ही बिघडला!" आजी बिचारी बंद टीव्हीसमोर बसून भाजी निवडते. टीव्ही तर ठणठणीत असतो! त्याच्याशी बोलणारं कुणी उरलेलं नसतं, एवढंच.

अशा वेळी बाजारात शे-दोनशे रुपयांत 'युनिव्हर्सल रिमोट' मिळतो. युनिव्हर्सल म्हणजे सगळ्यांना चालणारा. पण तो आणला आणि बटण दाबलं की लगेच चालतो, असं नाही. आधी त्याची आणि टीव्हीची ओळख करून द्यावी लागते. हे काम पाचवी-सहावीतल्या मुलाला किंवा मुलीला सहज जमेल. आज तेच करून पाहू या.

आधी रोग ओळखा

नवा रिमोट आणण्यापूर्वी जुना खरंच गेलाय का, ते पाहा. सेल बदला. दोन्ही सेल नवेच घाला. एक जुना, एक नवा असं नको. अधिक-उण्याच्या खुणा जुळवा. स्प्रिंगवर पांढरट-हिरवट बुरा आला असेल तर कोरड्या फडक्यानं पुसा आणि नंतर हात धुवा.

आता एक गंमत. रिमोटच्या टोकाला हरभऱ्याएवढा दिवा असतो. मोबाइलचा कॅमेरा सुरू करा, त्यातून त्या दिव्याकडे पाहा आणि रिमोटचं बटण दाबा. मोबाइलच्या पडद्यावर दिवा जांभळट-पांढरा लुकलुकला, तर रिमोट जिवंत आहे. मागच्या कॅमेऱ्यातून काही दिसलं नाही, तर सेल्फीच्या कॅमेऱ्यातून पाहा. काही मोबाइलांच्या मागच्या कॅमेऱ्यात हा प्रकाश अडवलेला असतो.

मग आपल्या डोळ्यांना तो का दिसत नाही? कारण तो अवरक्त प्रकाश आहे, तांबड्या रंगाच्या पलीकडचा. १८०० साली विल्यम हर्शेल या शास्त्रज्ञानं लोलकातून सूर्यप्रकाशाचे रंग पाडले आणि त्या रंगांत तापमापी ठेवून पाहिली. तांबड्याच्या पलीकडे, जिथे डोळ्यांना काहीच दिसत नव्हतं, तिथेही पारा चढला! तोच हा प्रकाश. रिमोट त्या प्रकाशात बोलतो.

दौंड स्टेशनवरची घोषणा

नुसता प्रकाश टाकून मात्र भागत नाही. १९५५ साली अमेरिकेत यूजीन पॉली यांनी टीव्हीसाठी बिनतारी रिमोट बनवला. तो म्हणजे एक विजेरीच होती. टीव्हीच्या चार कोपऱ्यांत प्रकाश ओळखणारे डोळे बसवले होते. ज्या कोपऱ्यावर झोत पडेल, ते काम होई. पण खिडकीतून ऊन आलं की टीव्ही आपलं आपणच चॅनल बदलू लागे! म्हणजे प्रकाशातून काहीतरी निरोप जायला हवा, हो ना?

हा निरोप कसा असतो, ते समजून घ्यायला दौंड जंक्शनवर चला. पुणे, सोलापूर, मनमाड आणि बारामती अशा चारी बाजूंचे लोहमार्ग इथे येऊन मिळतात. फलाटावर गर्दी असते आणि भोंग्यातून घोषणा सुरू होते. आधी गाडीचा क्रमांक, मग नाव, मग ती कोणत्या फलाटावर येणार ते. ज्यांची गाडी असते ते पिशव्या उचलतात. बाकीचे निवांत चहा पीत राहतात.

रिमोटचंही असंच आहे. जपानच्या एनईसी कंपनीनं ठरवलेली एक पद्धत जगभरातले पुष्कळ रिमोट वापरतात. त्या पद्धतीत एक बटण दाबलं की ३२ खुणा निघतात. प्रत्येक खूण म्हणजे एक छोटी चमक आणि तिच्यानंतरचा थांबा. थांबा लहान असला तर ०, लांब असला तर १. पहिल्या ८ खुणा म्हणजे पत्ता, निरोप कुणासाठी आहे ते. पुढच्या ८ खुणांत तोच पत्ता उलटा करून पाठवतात. ०च्या जागी १ आणि १च्या जागी ०. नंतरच्या ८ खुणा म्हणजे हुकूम, 'आवाज वाढव' किंवा 'बंद हो'. शेवटच्या ८ खुणांत तोच हुकूम पुन्हा उलटा.

उलटा कशासाठी? तुम्ही भागाकार झाल्यावर ताळा करून पाहता ना? तसा हा टीव्हीचा ताळा! ताळा जुळला नाही, तर टीव्ही हुकूम मानतच नाही. आणि हे सगळं सेकंदाच्या साधारण पंधराव्या भागात उरकतं. शिवाय प्रत्येक चमक सेकंदाला ३८,००० वेळा या वेगानं थरथरत असते. त्या थरथरीमुळेच ऊन किंवा ट्यूबलाइट यांच्या प्रकाशात टीव्हीला ती वेगळी ओळखता येते.

फिलिप्सची पद्धत निराळी, सोनीची निराळी. म्हणून एका कंपनीचा रिमोट दुसऱ्या कंपनीच्या टीव्हीपुढे कितीही दाबला, तरी टीव्ही हलत नाही. तो हट्टी नसतो, त्याला ती भाषा कळतच नाही. युनिव्हर्सल रिमोटच्या पोटात अशा पुष्कळ भाषा भरलेल्या असतात. आपल्या टीव्हीची भाषा त्यातली कोणती, हे त्याला सांगायचं. यालाच म्हणतात 'कोड घालणं'.

पहिली रीत : यादीतून कोड

खोक्यात एक घडीचा कागद असतो. तो फेकू नका! त्यावर कंपन्यांची नावं आणि पुढे तीन किंवा चार आकड्यांचे कोड असतात. टीव्हीच्या मागच्या बाजूला चिकटवलेली पट्टी वाचून कंपनीचं नाव आणि मॉडेल वहीत उतरवून घ्या. टीव्ही भिंतीला टांगलेला असेल, तर मोठ्यांची मदत घ्या. (आपल्या शिरूर तालुक्यात रांजणगावला एलजीचा कारखाना आहे, तिथे टीव्हीही तयार होतात. तुमच्या घरातला तिथलाच निघाला, तर मला जरूर कळवा!)

आता टीव्ही चालू करा. रिमोट नाही, मग कसा? टीव्हीच्या खालच्या कडेला किंवा पाठीमागे बहुधा एक छोटं बटण असतं. हातानं चाचपा, सापडेल. मग रिमोटवरचं 'सेट' लिहिलेलं बटण दाबून धरा. लाल दिवा लागून स्थिर राहिला की सोडा. यादीतला पहिला कोड आकड्यांच्या बटणांनी घाला. बहुतेक रिमोटांत कोड घेतला की दिवा विझतो. आता रिमोट टीव्हीकडे धरून चालू-बंदचं बटण दाबा. टीव्ही बंद झाला? शाबास! नाही झाला? पुढचा कोड.

एकाच कंपनीच्या नावापुढे पाच-दहा कोड असले तर गोंधळू नका. कंपन्या निरनिराळ्या मॉडेलांना निरनिराळ्या भाषा देतात. काही टीव्ही तर एका कारखान्यात बनतात आणि दुसऱ्याच नावानं विकले जातात. आणखी एक लक्षात ठेवा. कधीकधी टीव्ही बंद होतो, पण आवाजाचं बटण चालत नाही किंवा भलतंच काम करतं. म्हणजे कोड जवळचा आहे, पण बरोबर नाही. तिथे थांबू नका, पुढचा घालून पाहा.

दुसरी रीत : रिमोटलाच शोधू द्या

यादी हरवली किंवा कंपनीचं नाव यादीत नसलं, तर ही रीत. टीव्ही चालू ठेवा. 'सेट' दाबून दिवा स्थिर करा. मग रिमोट टीव्हीकडे धरून चालू-बंदचं बटण दाबा. काही रिमोटांत ते दाबूनच धरायचं असतं, काहींत पुन्हा पुन्हा दाबायचं. खोक्यावर लिहिलेलं असतं. रिमोट एकेका भाषेत "बंद हो, बंद हो" असं म्हणत जातो. ज्या क्षणी टीव्ही बंद होईल, त्या क्षणी थांबायचं आणि खोक्यावर सांगितलेलं बटण दाबून ती भाषा पक्की करायची.

यात घाई केली की बरोबर कोड हातातून निसटतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. पाच मिनिटं लागतात, कधी पंधराही. हात दुखला तर भावंडाला द्या, पण डोळे टीव्हीवर ठेवा.

तिसरी रीत : जुन्याकडून नव्यानं शिकायचं

काही रिमोट शिकाऊ असतात. सेट-टॉप बॉक्सच्या कित्येक रिमोटांवर टीव्हीसाठी अशी चार-पाच बटणं असतात. इथे कोड लागत नाही. जुना आणि नवा रिमोट टेबलावर समोरासमोर, नाकाला नाक लावल्यासारखे ठेवा. मध्ये दोन-तीन बोटांचं अंतर. नव्याला शिकण्याच्या तयारीत आणा, त्याचं एक बटण दाबा, मग जुन्याचं तेच बटण दाबा. दिवा लुकलुकला की धडा झाला. असं एकेक बटण. ॲपल कंपनीचे सहसंस्थापक स्टीव्ह वॉझ्नियाक यांनी १९८७ साली असाच एक शिकणारा रिमोट बाजारात आणला होता. त्याचं नाव 'कोअर'.

मात्र या रीतीला जुना रिमोट जिवंत हवा. म्हणून तो कुरकुर करू लागला, की लगेच त्याच्याकडून शिकून घ्या. आजीच्या ओव्या आजी म्हणतेय तोवरच लिहून घ्याव्यात, तसंच हे!

एक गोष्ट आधीच सांगून ठेवते. ज्यांना बोलून हुकूम देता येतो, असे काही नवे रिमोट अवरक्त प्रकाशावर नाही, तर ब्लूटूथच्या रेडिओलहरींवर चालतात. टीव्हीला लावायची फायर स्टिक तर अवरक्त निरोप घेतच नाही. तिथे साधा युनिव्हर्सल रिमोट चालणार नाही. दुकानात जाताना जुना रिमोट आणि मॉडेलचा आकडा बरोबर न्या, म्हणजे पैसे वाया जाणार नाहीत.

काम अजून संपलेलं नाही!

टीव्ही चालला की तुम्ही टाळ्या पिटून खेळायला पळाल. थांबा! तीन कामं राहिली.

पहिलं, चाललेला कोड कागदाच्या चिठ्ठीवर लिहून सेलच्या झाकणाच्या आत चिकटवा. काही स्वस्त रिमोट सेल काढले की कोड विसरतात. चिठ्ठी असली, की पुढच्या वेळी कुणीही अर्ध्या मिनिटात रिमोट पुन्हा लावू शकेल.

दुसरं, नव्या रिमोटवर चाळीस-पन्नास बटणं असतात. आजीला लागतात चार किंवा पाच. त्या बटणांशेजारी नेलपॉलिशचे ठिपके द्या. चालू-बंदला लाल, आवाजाला निळा, चॅनलला पिवळा.

तिसरं काम सगळ्यात महत्त्वाचं. रिमोट आजीच्या हातात द्या आणि तुमचे हात पाठीमागे बांधा. तिला टीव्ही बंद करू द्या, चालू करू द्या, आवाज वाढवू द्या. चुकलं तर तोंडानं सांगा. हातातून रिमोट ओढून घेऊ नका. उद्या दुपारी वीज जाऊन आली, तर तुम्ही तिथे नसणार. तिलाच उठवायचंय ना टीव्हीला?

पालकांसाठी दोन शब्द : मुलांनी कोड शोधताना "दे इकडे, मी करतो" असं म्हणू नका. वेळ लागू द्या. मात्र एक काळजी तुम्हीच घ्या. काही चपट्या, छोट्या रिमोटांत गोल बटणासारखा सेल असतो. लहान मुलानं तो गिळला, तर दोन तासांच्या आतही अन्ननलिकेला भाजल्यासारखी गंभीर इजा होऊ शकते. असे सेल मुलांच्या हाताला लागू देऊ नका. गिळल्याची नुसती शंका आली, तरी वाट न पाहता दवाखाना गाठा.

आता या आठवड्याचा प्रयोग. रिमोट आणि टीव्ही यांच्यामध्ये पाळीपाळीनं काचेचा पेला, वहीचं एक पान, तुमचा तळहात आणि स्टीलचं ताट धरा. टीव्ही कशातून ऐकतो, कशातून नाही, याचा तक्ता करा. मग टीव्हीकडे पाठ करून रिमोट समोरच्या भिंतीकडे धरा, नंतर आरशाकडे धरा. काय झालं? का झालं? उत्तर पोस्टकार्डावर लिहून पाठवा. आणि ज्यांनी आजी-आजोबांना रिमोट लावून दिला, त्यांनी आजी काय म्हणाली तेही लिहा बरं का!