वाघबारस

अंधेरी-मुलुंडच्या सोसायट्यांत वसुबारसेला रांगोळीतलं गाय-वासरू पुजलं जातं. त्याच तिथीला गोरेगावच्या आरे वसाहतीतल्या आणि बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातल्या वारली आदिवासींच्या पाड्यांवर वाघबारस असते. शेंदूर लावलेल्या वाघोबापुढे नारळ फुटतो, गुरं-पोरं सांभाळ म्हणून गाऱ्हाणं घातलं जातं. हा देव म्हणजे रात्री घरामागून खरोखर जाणारा बिबट्या. आपल्याला तो दिसला की आपण आधी मोबाइल काढतो, मग वनखात्याला फोन लावतो.

भात कापणीला आलं की तारपा वाजू लागतो. वाळवलेला दुधी भोपळा, बांबूच्या दोन नळ्या, ताडाच्या पानांचं तोंड आणि सांधे बुजवायला मेण. तारपकरी दम न तोडता वाजवत राहतो, नाचणाऱ्यांची साखळी त्याच्याभोवती फिरते. या वाद्याला परसातला वेल लागतो, बांबूचं बेट लागतं आणि नाचाला अंगण. पाडे हलवून दिलेल्या पुनर्वसनाच्या इमारतीतल्या सातव्या मजल्यावर यातलं काय मिळेल?

वारली चित्रकार जिव्या सोमा म्हशे यांना २०११ साली पद्मश्री मिळाली. आता वारली चित्रं स्टेशनांच्या भिंतींवर आहेत, कुर्त्यांवर आहेत, आपल्या दिवाळी अंकांच्या मुखपृष्ठांवरही आहेत. लग्नघरातला चौक मात्र सुवासिनी तांदळाच्या पिठाने लिहितात आणि लग्न लावणारी धवलेरी त्याची गाणी म्हणते. आपण चित्र उचललं, गाणं राहिलं.

आरेत दुग्धवसाहत आली ती १९४९ साली. पाडे त्याआधीचे. पण जमीन कागदोपत्री सरकारची, त्यामुळे वीज-पाण्यासाठी पाड्यांना खेटे घालावे लागले. वनहक्क कायदा २००६ सालचा, पण मुळात ही जागा वन आहे का, यावरच वाद! ४ ऑक्टोबर २०१९ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने आरेतल्या झाडतोडीविरुद्धच्या याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री मेट्रोच्या कारशेडसाठी करवती सुरू झाल्या. सर्वोच्च न्यायालयाची स्थगिती ७ तारखेला आली, तोवर दोन हजारांहून अधिक झाडं पडली होती. पुढे आरेतली ८१२ एकर जागा राखीव वन ठरली, कारशेडही आरेतच उभी राहिली. मेट्रो हवीच होती, आम्हीही तिने जातो. पण ज्यांच्या दारात कारशेड उभी राहिली, त्यांना कुणी विचारलं नाही.

पाड्यांवरच्या मुलांना कॉलेज हवं, नोकरी हवी आणि तारपाही हवा. त्यांनी यातलं एकच निवडावं, हा हट्ट शहराचा आहे. तेव्हा वाचकहो, एखाद्या पाड्याचं नाव अतिक्रमणाच्या बातमीत दिसलं, तर तिथली माणसं कधीपासून राहतात, एवढं आधी विचारा.