आधी मोजणी, मग परवान्याला हात

अजिंठ्याहून फर्दापूरकडे उतरणाऱ्या रस्त्यालगत चहाचं हॉटेल किंवा ढाबा चालवणाऱ्याचा धंदा बंद पाडायला एक अर्ज पुरतो. ‘याचं शेड माझ्या गटात आलंय’ एवढं लिहायचं, एक प्रत ग्रामपंचायतीला, एक तहसीलला. ग्रामपंचायत ना हरकत दाखला अडवते आणि त्यावर उभे असलेले बाकीचे कागदही अडकतात. शेड खरंच पुढे सरकलंय का, हे अजून कुणी टेप लावून पाहिलेलं नसतं.

हा शुद्ध अन्याय आहे. तो करणाऱ्या अधिकाऱ्यांना कायदा ठाऊक असतो, याची मला जास्त चीड येते. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 136 प्रमाणे सर्व्हे नंबरांच्या हद्दीचा वाद जिल्हाधिकाऱ्याने मिटवायचा, तोही जमिनीच्या नोंदी पाहून. ग्रामपंचायतीने दाखला दाबून हद्द ठरवावी, असं त्यात कुठेही नाही. अन्न सुरक्षा व मानके कायदा, 2006 घ्या. तिथेही एरवी परवाना निलंबित करण्याआधी सुधारणेची नोटीस द्यावी लागते, आणि ती अन्नाच्या बाबतीत नियम मोडल्याबद्दल असते. बांधाच्या भांडणाचा भज्यांच्या तेलाशी काय संबंध?

मोजणीचा रस्ता तर लांबच लांब. आधी हद्द कायम मोजणी. ती मान्य नसेल तर निमताना म्हणजे फेरमोजणी, तीही पटली नाही तर सुपर निमताना. तक्रारदाराची कपाशी या काळात उभी असते, वेचणी होते, पट्टी हातात पडते. शटर फक्त दुकानदाराचं खाली. मग तक्रारदाराला मोजणीची घाई कशाला असेल? भूकरमापक येतो त्या दिवशी तो बाहेरगावी जातो. लेण्यांवर गर्दी असते ते हिवाळ्याचे महिने एकदा हातचे गेले की वर्ष गेलं.

शेजाऱ्याची जमीन खरोखर गिळणारे दुकानदारही आहेत, आणि दोन एकरांवर जगणाऱ्या बाईचा बांध कोरला जातो तेव्हा तिला न्याय मिळालाच पाहिजे. त्यासाठी दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम आहे. पण तिथे न्यायाधीश विचारतात: प्रथमदर्शनी बाजू कुणाची, जास्त हाल कुणाचे होतील, आणि भरून न येणारं नुकसान कुणाचं? सरकारी टेबलावर यातला एकही प्रश्न विचारला जात नाही.

मोठ्यांसाठी मात्र हा विवेक सापडतो. कर्नाटक-आंध्र सीमेवरच्या ओबुळापुरम खाणींचा हद्दवाद सर्वोच्च न्यायालयात गेला, तेव्हा आधी खाणकाम थांबवलं गेलं आणि मे 2010 मध्ये वाद नसलेल्या भागात ते पुन्हा सुरू करू दिलं. ज्या कंपनीवर बेकायदा उत्खननाचे गंभीर आरोप होते, तिच्या बाबतीत वादाची जमीन आणि बिनवादाची जमीन वेगळी काढता आली. मग दोन फुटांच्या वादापायी आमच्या माणसाची भट्टी, बाकडी, गल्ला सगळं का बंद?

आणि प्रश्न नुसत्या धंद्याचा नाही. पोटापाण्याचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, हे मुंबईच्या फुटपाथवरच्या माणसांच्या खटल्यात, ओल्गा टेलिस प्रकरणात, 1985 सालीच ठरलं.

जिल्हाधिकाऱ्यांनी लेखी आदेश काढावा. अर्ज आला की मोजणीची फी अर्जदाराने भरावी. मोजणी ठरलेल्या मुदतीत व्हावी, आणि अर्जदार दोनदा गैरहजर राहिला तर अर्ज निकाली काढावा. तोवर वादातली पट्टी तेवढी मोकळी ठेवून धंदा चालू राहावा. तक्रार खोटी निघाली, तर बुडालेल्या दिवसांची भरपाई तक्रारदाराकडून वसूल करावी, आणि सुनावणी न घेता दाखला अडवणाऱ्याच्या पगारातूनही.