धुऱ्यावरची रुई राहू द्या



गाठीतल्या रुईबद्दल आपण प्रत्येक बैठकीत बोलतो. आज धुऱ्यावरच्या रुईबद्दल लिहितो. शनिवारी मारुतीला जिची पानं वाहतो, जिला ढोरं तोंड लावत नाहीत, ती.

कृषी महाविद्यालयात मला ती तणांच्या यादीत शिकवली. पुढं कित्येक वर्षं मीही सांगत फिरलो, धुरे साफ ठेवा. आता निंदणाला मजूर मिळत नाही, म्हणून तणनाशकाचा पंप वावरात फिरतो आणि टाकीत उरलेलं औषध धुऱ्यावर जातं. वावरात मारायचं की नाही, हा तुमचा हिशेब. त्यात मी पडत नाही. पण धुऱ्यावर मारून काय मिळतं?

रुईच्या पानामागं बिबळ्या कडवा नावाचं नारिंगी फुलपाखरू एकेक अंडं घालतं. त्याची काळ्या-पांढऱ्या-पिवळ्या पट्ट्यांची अळी रुईवर आणि तिच्या भाऊबंद झाडांवरच जगते. पऱ्हाटीला, ज्वारीला शिवत नाही. अळी दिसली की पंप उचलायचा, ही सवय आपल्याला बोंडअळीनं लावली. रुईच्या फुलावर येणारे मोठे काळे भुंगे तुरीच्या फुलावरही येतात, हेही ध्यानात घ्या.

अमेरिकेत या फुलपाखराचा चुलतभाऊ आहे, मोनार्क. तो हिवाळ्याला मेक्सिकोच्या डोंगरात जातो. 1996-97 च्या हिवाळ्यात त्याच्या थव्यांनी सुमारे 18 हेक्टर जंगल व्यापलं होतं. 2013-14 ला पाऊण हेक्टरही नाही. कारणं अनेक आहेत. पण मका-सोयाबीनच्या वावरांतून तणनाशकानं रुईच्याच कुळातलं झाड संपलं, हे त्यातलं मोठं.

तुम्ही म्हणाल, फुलपाखरांचं ओझंही शेतकऱ्याच्याच डोक्यावर का? प्रश्न रास्त आहे. उद्या कोणी याची सक्ती करायला आला, तर त्याला अडवायला मी तुमच्या पुढं असेन. पण रुई पाणी मागत नाही, खत मागत नाही, राखणही मागत नाही.

जिथं धुरा उघडा पडला, तिथं बी लावा. उन्हाळ्यात फळ तडकायच्या बेतात असताना, म्हातारी उडायच्या आत तोडा. आतलं बी चपटं, तपकिरी असतं. त्याचा कापूस काढून टाका. मृगाचा चांगला पाऊस झाला की धुऱ्यावरच टोबा, अर्ध्या पेराहून खोल नको. मूळ सरळ खाली जातं, त्यामुळं मोठं रोप उपटून लावलं तर सहसा धरत नाही. पिठ्या ढेकूण दिसला तर ती फांदी कापून पुरा, तो पऱ्हाटीवरही येतो. आणि फळं तोडायला लेकरांना पाठवू नका. चीक डोळ्यात गेला तर डोळ्याला इजा होते. मोठ्यांनीही तोडल्यावर आधी हात धुवावे.